दोंब्र्याने सांगितलेली वार्ता

मध्य आशियात कझाकस्तान नावाचा एक विस्तीर्ण देश आहे. भारताच्या क्षेत्रफळाचे सहा भाग केले, तर त्यांपैकी पाच भागांएवढी भूमी त्याच्या वाट्याला आली आहे. परंतु लोकवस्ती मात्र अवघी २ कोटींच्या घरात. या देशाचा फार मोठा भाग गवताळ मैदानांनी व्यापलेला आहे. दृष्टी पोहोचेल तेथवर गवत, वर मोकळे आकाश, आणि वाऱ्याला अडवील असे झाड क्वचितच. हिवाळ्यात या सर्व प्रदेशावर बर्फाचा थर पसरतो.

कझाक लोक शतकानुशतके या मैदानांत भटके जीवन जगत आले. घोडे, मेंढ्या आणि उंट हेच त्यांचे धन. कळपांना चारा मिळेल तिकडे जायचे, लोकरीच्या नमद्याचे तंबू उभारायचे आणि ऋतू पालटला की ते उतरवून पुढची वाट धरायची. असे वारंवार बिऱ्हाड हलविणारा माणूस जड वस्तूंचा संग्रह करीत नाही. त्याचे ग्रंथही त्याला स्मरणातच साठवावे लागतात, आणि वाद्यही असे लागते, की जे एका हाताने उचलता यावे, घोड्यावर पाठीशी बांधता यावे आणि मुक्कामाला पोहोचताच तंबूच्या जाळीदार भिंतीवर टांगता यावे. कझाकांचे असे वाद्य म्हणजे दोंब्रा.

दोंब्र्याचे लाकडी पोट पेरूच्या फळासारखे खाली फुगीर आणि वर निमुळते असते. त्याला एक लांब, सडपातळ दांडी जोडलेली असते. दांडीवर पडदे बांधलेले असतात आणि तारा असतात केवळ दोन. पूर्वी या तारा बोकडाच्या किंवा मेंढीच्या आतड्यापासून काढलेल्या तातीच्या असत. आता त्यांची जागा नायलॉनने घेतली आहे. दोन तारांवर काय मोठे संगीत निघणार, असे सतारीच्या तारा मोजणाऱ्याला वाटेल. परंतु कुशल वादकाच्या हाती दोंब्रा आला, की त्यातून घोड्यांची दौड ऐकू येते, वादळ उठते आणि विलापही उमटतो. देशाच्या पश्चिम भागातील वादक मनगटाच्या जोरावर दोन्ही तारांवर वेगाने आघात करीत जातात. पूर्वेकडचे वादक बोटांनी तारा छेडून मृदू वादन करतात. वाद्य एकच, पण दोन्ही प्रांतांचा स्वभाव त्यात निराळा उतरतो.

दोंब्र्याच्या पुढच्या पातळ पाटीवर एक लहानसे वाटोळे भोक असते. ते कशासाठी? वाद्ये घडविणारा कारागीर सांगेल, की तार कंप पावली म्हणजे घोडीच्या द्वारे तो कंप पाटीला पोहोचतो, आतील पोकळीतली हवा हलते आणि त्या भोकामुळे नाद मोकळा होऊन बाहेर पडतो. हे उत्तर अगदी योग्य आहे. परंतु हाच प्रश्न कझाक आजोबांना विचारला, तर ते मांडी ठोकून बसतील आणि एक गोष्ट सांगतील. ती गोष्ट अशी :

चंगीझखान नावाचा एक पराक्रमी खान होता. त्याच्या नावाने नगरे कापत. त्याला जोची नावाचा पुत्र होता आणि त्या पुत्रावर त्याचा फार जीव होता. जोचीला शिकारीचा नाद. त्यातही कुलानांची शिकार त्याला अधिक प्रिय. कुलान म्हणजे त्या मैदानांतील रानगाढव. आपल्या परिचयाच्या, ओझी वाहणाऱ्या गाढवाशी त्याची तुलना करू नये. त्याची कांती पिवळसर तपकिरी, पाठीवर काळसर पट्टा, आणि वेग असा, की भरधाव घोड्यालाही त्याला गाठताना फेस यावा.

एके दिवशी जोचीने कुलानांच्या कळपाचा पाठलाग आरंभिला. कळपाचा म्होरक्या एक बलाढ्य नर होता. जोचीच्या बाणाने त्याचा पाय जायबंदी झाला. तरीही तो लंगडत लंगडत धावतच राहिला. शिकारीच्या भरात राजपुत्र आपल्या सोबत्यांना मागे टाकून फार दूर गेला. अखेर तो लंगडा कुलान उलटला. त्याने जोचीला घोड्यावरून खाली ओढले आणि ठार केले.

इकडे खानाच्या छावणीत पुत्राची वाट पाहणे सुरू झाले. एक दिवस गेला, दोन दिवस गेले. शोधासाठी गेलेल्या स्वारांना राजपुत्राचा देह सापडला. पण ही वार्ता खानापुढे नेणार कोण? खानाच्या मनात अशुभाची शंका आधीच आली होती आणि त्या शंकेने तो क्रूर झाला होता. त्याने दवंडी पिटविली होती, की जो कोणी माझा पुत्र मेला असे मुखाने उच्चारील, त्याच्या घशात तापलेल्या शिशाचा रस ओतण्यात येईल.

सगळी छावणी मुकी झाली. सरदार नजर चुकवू लागले. खान ज्याच्याकडे पाही, तो मान खाली घाली. सर्वांना ठाऊक असलेली गोष्ट एकट्या बापाला ठाऊक नव्हती. आणि खरे पाहता त्यालाही ती ठाऊक होती, केवळ ती ऐकण्याचे धैर्य त्याच्यापाशी नव्हते. शेकडो लढाया जिंकलेल्या माणसाची ही अवस्था व्हावी, याचे कझाक कथेकऱ्यांना नवल वाटत नाही; बाप म्हटला की असे होणारच, असे ते मानतात.

शेवटी एक वृद्ध वादक पुढे आला. काही कथनांत त्याचे नाव केतबुगा असे सांगतात. त्याने काखेत आपला दोंब्रा घेतला आणि तो खानापुढे जाऊन बसला. तोंडातून एक अक्षरही न काढता त्याने तारा छेडल्या. प्रथम मोकळ्या मैदानातील वाऱ्याचा नाद आला. मग खुरांचा आवाज आला : कुलानांचा कळप धावत होता, त्याच्या मागे घोडा धावत होता. तारांचा वेग वाढत गेला आणि एकाएकी त्या चालीत खोट आली. एक ठोका भरीव, एक ठोका अडखळलेला. जखमी जनावर लंगडत पळत होते. पुढे झुंजीचा कल्लोळ झाला, आणि त्यानंतर तारांमधून आईबापांचा आक्रोश वाहू लागला.

खानाने डोळे मिटून सर्व ऐकले. वादन थांबले तेव्हा तो म्हणाला,

“माझा जोची मेला, हे तू मला सांगितलेस. माझी आज्ञा तुला ठाऊक होती ना?”

“खाविंद,” वृद्धाने उत्तर दिले, “मी तर एक शब्दही बोललो नाही. जे काही सांगितले, ते या दोंब्र्याने सांगितले.”

खान आपल्या शब्दात अडकला होता. दिलेली आज्ञा मोडता येत नव्हती आणि न बोललेल्या माणसाला शिक्षाही करता येत नव्हती. तेव्हा त्याने हुकूम केला, की बोलणाऱ्यालाच शिक्षा द्या. सेवकांनी तापलेले शिसे आणले आणि दोंब्र्यावर ओतले. पाटी जळून तिला भोक पडले. तेव्हापासून प्रत्येक दोंब्र्याला ते भोक असते, असे आजोबा सांगतात, आणि मग बहुधा आपला दोंब्रा उचलून तोच कुय वाजवून दाखवितात. त्या कुयाचे नाव ‘अक्साक कुलान’, म्हणजे लंगडा कुलान.

‘कुय’ म्हणजे काय, ते येथे सांगितले पाहिजे. शब्दांवाचून, केवळ वाद्यावर वाजवावयाच्या रचनेला कझाक भाषेत कुय म्हणतात. गाण्याचा अर्थ त्याच्या शब्दांत असतो. कुयात तर शब्दच नाहीत. म्हणून वादक आधी त्या कुयाची कथा सांगतो : तो कोणी रचला, कोणत्या प्रसंगी रचला, त्यात कोणाचे दुःख आहे. कथा ऐकलेला श्रोता मग सुरांतून ती पुन्हा अनुभवतो. ज्याने कथा ऐकली नाही त्याला अक्साक कुलानमधील अडखळणारा ठोका ही केवळ एक चमत्कारिक लय वाटेल. ज्याने ऐकली आहे त्याला त्या ठोक्यात जखमी पाय दिसेल. असे कुय गुरूकडून शिष्याकडे कानांनीच जात आले. कुर्मानगाझी हा एकोणिसाव्या शतकातील थोर वादक. त्याच्याकडून दिना नुरपेइसोवा या मुलीने विद्या घेतली, आणि १९५५ साली वृद्धापकाळी मृत्यू पावेपर्यंत तिने ती पुढच्या पिढीला दिली. दोंब्र्यावरील कुयवादनाच्या या कलेची नोंद युनेस्कोने २०१४ साली मानवजातीच्या अमूर्त सांस्कृतिक वारशाच्या यादीत केली आहे.

आता ही कथा इतिहास म्हणून घ्यावी काय? चंगीझखान आणि जोची ही माणसे खरी होती. जोची हा खानाचा ज्येष्ठ पुत्र; साम्राज्याचा पश्चिमेकडील भाग, म्हणजे आजच्या कझाकस्तानातील मैदाने, त्याच्याकडे होती. बापाच्या काही महिने आधी, १२२७ सालाच्या सुमारास, तो मरण पावला. तो आजाराने गेला, असे रशीदुद्दीन या इराणी इतिहासकाराने चौदाव्या शतकाच्या आरंभी लिहून ठेवले आहे. याउलट, दिल्लीच्या सुलतानांच्या आश्रयाला राहिलेल्या मिन्हाज-ए-सिराज या इतिहासकाराने बापानेच विष देवविल्याचे लिहिले. कुलानाचा उल्लेख या दोघांपैकी कोणीही केलेला नाही. मात्र रशीदुद्दीनाने एक हकीकत दिली आहे. बापाने बोलाविले असता जोचीने आजारी असल्याचा निरोप धाडला. पण तो शिकार करीत असल्याची खोटी बातमी कोणी तरी खानाला दिली. संतापलेला खान मुलावर सैन्य पाठविण्याच्या तयारीत असतानाच त्याच्या मृत्यूची वार्ता येऊन पोहोचली आणि खान शोकात बुडाला. शिकार, मृत्यू आणि उशिरा कानी आलेले सत्य ही कथेतील तीनही सूत्रे येथे आहेतच. लोककथेने त्यांतून आपले वस्त्र निराळे विणले, एवढेच. काही कथनांत तर खान म्हणजे स्वतः जोची आणि मेला तो त्याचा मुलगा, असेही सांगतात. झेझकाझगान या शहराच्या ईशान्येस, केंगीर नदीच्या काठी, विटांनी बांधलेली एक घुमटाची समाधी आहे. ती जोचीची, असे परंपरा मानते.

इतिहासाच्या कसोटीला उतरत नाही म्हणून ही कथा टाकून देण्याचे मात्र कारण नाही. कारण तिच्या पोटी कझाकांचा एक खराखुरा आचार दडलेला आहे. कोणाच्या घरी मृत्यूची वार्ता न्यावयाची झाली, तर कझाक माणूस ती धाडकन सांगत नसे. गावातील वयोवृद्ध माणसे मिळून त्या घरी जात, दुसऱ्याच गोष्टींनी आरंभ करीत, दृष्टान्त देत, काव्यात बोलत आणि ऐकणाऱ्याच्या मनाची हळूहळू तयारी करीत. कधी हे काम वाद्यावर सोपविले जाई. या रीतीला ‘एस्तिर्तू’ म्हणतात. त्या शब्दाचा अर्थ ‘ऐकविणे’. आपण मराठीत ‘कानावर घालणे’ म्हणतो, त्याच्या फार जवळचा. केतबुगाने जे केले ते चातुर्याने जीव वाचविणे तर खरेच, पण तेवढेच नव्हे. खोटे बोलून त्यालाही गप्प राहता आले असते. सगळी छावणी तसेच करीत होती. त्याने सत्य पोहोचविले आणि ते बापाला सोसवेल अशा रीतीने पोहोचविले. शिवाय त्या सुरांत केवळ राजपुत्राचे मरण नव्हते. ज्याचा पाय मोडला त्या मुक्या प्राण्याची धावही होती. खानाला दोन्ही ऐकावे लागले.

या कथेवर चित्रपट निघाला तो १९६८ साली. कझाकस्तान त्या वेळी सोव्हिएत संघाचा एक घटक होता आणि अल्माटी येथे ‘कझाकफिल्म’ ही चित्रसंस्था काम करीत होती. तेथे आमेन खायदारोव या चित्रकाराने हाताने काढलेल्या चित्रांचे चित्रपट तयार करण्याचा ध्यास घेतला. १९६७ साली त्याने ‘पाकोळीची शेपटी दुभंगलेली का’ हा कझाकस्तानातील पहिला ॲनिमेशनपट पूर्ण केला. त्याचा आधारही एक लोककथाच. सर्वांत गोड रक्त कोणाचे, हे शोधण्यासाठी सर्पराज डासाला पाठवितो. माणसाचे रक्त गोड, हे डास सांगणार तोच पाकोळी त्याची जीभ तोडते आणि चिडलेला सर्प तिच्या शेपटीचा लचका घेतो. पुढल्याच वर्षी खायदारोवने ‘अक्साक कुलान’ पडद्यावर आणला. योगायोग पाहा : पहिल्या कथेत जीभ गेल्यामुळे माणसाचा घात टळतो, तर दुसऱ्या कथेत जीभ नसलेले वाद्य सत्य बोलते.

चित्रांच्या चित्रपटासाठी याहून योग्य आणि याहून कठीण अशी कथा सापडणे अवघड. पडद्यावर एका सेकंदाला २४ चित्रे सरकतात. म्हणजे एका मिनिटाला १,४४०. एकेक चित्र दोनदा वापरले, तरी मिनिटागणिक ७२० चित्रे लागणारच. धावणारा प्राणी रेखाटायचा तर त्याचे चारही पाय प्रत्येक चित्रात किंचित निराळे काढावे लागतात. आणि तो प्राणी लंगडा असेल तर कोणता पाय कधी टेकतो आणि कोणता उचललेलाच राहतो, याचा हिशोब ठेवावा लागतो. त्यात तो दोंब्र्याच्या ठोक्यावर धावायला हवा! तंबूत बसलेला वादक आधी गोष्ट सांगतो आणि मग वाजवितो. ऐकणाऱ्याने दोहोंची सांगड आपल्या मनात घालायची असते. चित्रपटात कथा डोळ्यांपुढे आणि कुय कानांत, अशी दोन्ही एकाच क्षणी येतात. यात लाभ आहे, तसा थोडा तोटाही आहे. मिटल्या डोळ्यांनी खानाला जे दिसले, ते प्रत्येक श्रोत्याने स्वतः पाहावयाचे असते. चित्रकाराने काढून दिलेला कुलान मग सर्वांचा एकच होतो. पण शहरात वाढलेली मुले तंबूतील आजोबांपासून दुरावली होती. त्यांच्यापर्यंत ही कथा जाण्याचा दुसरा मार्ग कोणता होता?

शिवाय त्या मुलांनी खरा कुलान पाहण्याचा संभवच फार थोडा होता. शिकारीमुळे आणि माणसाच्या वाढत्या वावरामुळे कझाकस्तानच्या मैदानांतील कुलान १९३० नंतरच्या दशकात नाहीसे झाले होते. १९५३ साली तुर्कमेनिस्तानातून काही कुलान आणून अरल समुद्रातील बार्साकेल्मेस बेटावर सोडण्यात आले. चित्रपट निघाला तेव्हा ते तेथेच वाढत होते. ज्या मैदानांत कथा घडते, ती मैदाने रिकामीच होती. पुढे अरल समुद्र आटत गेला आणि बेटावरील कुलानांना पिण्याजोगे पाणी मिळेना. म्हणून १९८० नंतर त्यांतील काहींना आग्नेयेकडील अल्तिन-एमेल या संरक्षित प्रदेशात नेण्यात आले. याच जातीचे आपल्याकडील रानगाढव गुजरातेत कच्छच्या लहान रणात आहे. तेथील खारवट पठारावर त्याचा कळप धावताना पाहिला, तर जोचीच्या घोड्याची किती दमछाक झाली असेल याची कल्पना येते.

चंगीझखानाचा हुकूम पाळून ज्या वाद्यावर शिसे ओतले गेले, ते मात्र मुके झाले नाही. २०१८ पासून कझाकस्तानात जुलै महिन्याचा पहिला रविवार दोंब्र्याचा दिवस म्हणून पाळतात आणि त्या दिवशी चौकाचौकांत लहानथोर एकत्र येऊन वादन करतात. त्याच्या आदल्या वर्षी, २०१७ च्या ऑक्टोबरात, अल्तिन-एमेल येथून ९ कुलान हेलिकॉप्टरने उचलून देशाच्या मध्यभागी, तोरगाईच्या मैदानात आणले गेले. हिवाळाभर त्यांना कुंपणात सांभाळण्यात आले, आणि मग कुंपणाचे दार उघडले.